दुसऱ्या कार्डावरची खोली

माझा थोरला भाऊ बसमध्ये तिकीट तपासनीस होता. लोक त्याला तोंडावर साहेब म्हणायचे आणि पाठीमागे काय म्हणायचे ते मी इथे सांगत नाही. मला, सख्ख्या बहिणीला, त्याने भर गर्दीत दंड केलाय. तिकीट होतं हो माझ्याकडे, पर्समध्ये सापडेना एवढंच. "दादा, अरे मी आहे," म्हटलं, तर म्हणतो कसा, "बाई, तिकीट दाखवा." बाई! संध्याकाळी त्याने दंडाचे पैसे स्वतःच्या खिशातून आणून दिले. तिथेच गप्प बसला असता तर माझा राग गेलाही असता. पण वर म्हणाला, "पुढच्या वेळी तिकीट हातात ठेवत जा." महिनाभर मी त्याच्याशी बोलले नाही.

त्याला एकच मुलगी. तिने लग्न ठरवलेला मुलगा घरी आणला. मुलाने चहाचा कप उचलला नाही तोच दादा म्हणाला, "तुम्हाला मी पकडलंय." आणि खरंच पकडलं होतं, कॉलेजात असताना, बसच्या मागच्या दाराने सटकताना. हजारो चेहऱ्यांतून ह्याला नेमका तोच आठवावा! पोराने हसत हसत कबूलही केलं. वहिनी हसली, मी हसले. दादा नाही हसला. "फुकट्याला माझी मुलगी द्यायची नाही," म्हणाला. आम्हाला वाटलं, दोन दिवस फणफणेल आणि गप्प होईल. कसलं काय! पोरगीही त्याचीच, ती कशाला ऐकतेय. ती बॅग घेऊन निघाली तेव्हा ह्याने पेपरातून डोकं वर काढलं नाही. मी खालच्याच मजल्यावर राहते. जिन्यात तिला थांबवायला गेले, तर माझ्या गळ्यात पडून रडली आणि गेली. त्यानंतर त्या घरात तिचा विषय निघाला की दादा उठून गॅलरीत जायचा.

मग वहिनी आजारी पडली. हॉस्पिटलमध्ये तिसऱ्या मजल्यावर, खिडकीजवळची खाट. दादा दिवसभर तिच्या उशाशी. दुपारी मात्र ती त्याला पिटाळायची. "जा, जेवून या, जरा पडा. तुमचं तोंड बघून मी बरी होणार नाहीये." तो कुरकुरत छत्री उचलायचा. शेवटच्या दिवशीही ती तेच म्हणत होती. आवाज फुटत नव्हता, तरी हाताने दाराकडे खुणा करत होती, जा, जा. त्या दिवशी मात्र तो हलला नाही. "आज मी कुठ्ठे जाणार नाही," म्हणाला आणि तिचा हात धरून बसून राहिला. संध्याकाळी ती गेली.

पुढच्या महिन्यात बँकेचं स्टेटमेंट आलं. दादा ते तपासणार, हे सांगायलाच नको. त्यात एक रक्कम होती, कुठल्याशा कंपनीच्या नावाने, आणि ते नाव आम्ही कोणी बापजन्मात ऐकलं नव्हतं. तारीख वहिनी जायच्या आदल्या दिवसाची. त्याने बँकेला फोन लावला. फोनवरची मुलगी म्हणाली, "काका, तुमच्या खात्यावर दोन कार्डं आहेत. हे पैसे दुसऱ्या कार्डावरून गेलेत, तुमच्या मिसेसच्या." दादाने वहिनीची पर्स उलटी केली. कंगवा, गोळ्या, रुमाल. कार्ड नव्हतं.

मी त्याला इतका संतापलेला कधी पाहिला नव्हता. "मरणाऱ्या बाईच्या पर्समधून चोरलं गं! माणसं आहेत की कोण आहेत?" बँकेच्या मुलीने विचारलं, पिन टाकून पैसे गेलेत, पिन कोणाला माहीत होता का. "मला नव्हता माहीत, तर आणखी कोणाला असणार?" असं तो तिच्यावरच खेकसला. व्यवहार आमचा नाही, वापरणाऱ्याला आम्ही ओळखत नाही, अशी त्याने तक्रार नोंदवली. कार्ड बंद झालं. कंपनीचा पत्ता विचारला, तो मिळाला. हॉस्पिटलच्या समोरचा लॉज. पाटीवर एक नाव आणि बिलावर मालकाच्या कंपनीचं दुसरंच.

दुसरा कोणी असता तर बँकेवर सोडून स्वस्थ बसला असता. ह्याला चोर हवा होता. दोन-तीन आठवडे कसेबसे काढले आणि एका सकाळी माझ्या दारात येऊन उभा, "चल, तू साक्षीला."

लॉजच्या काउंटरवर माझ्याच वयाची एक बाई पावत्या टाचत बसली होती. दादाने त्याच्या त्या बसमधल्या आवाजात विचारलं, "ह्या कार्डावर तुमच्याकडे कोण राहिलं होतं?"

बाईने चष्मा वर केला. "तुम्हीच का ते तक्रारवाले? बरं झालं आलात. लेकरू होतं हो ते! आई समोर तिसऱ्या मजल्यावर होती तिची. कार्ड आईनेच दिलं, म्हणाली, जवळ खोली घे."

"कोण मुलगी?" दादाने विचारलं. आवाज एकदम खाली आला होता.

"आठवडाभर होती. सकाळपासून त्या खिडकीत उभी. दुपारी एक उंच गृहस्थ छत्री घेऊन गेटमधून बाहेर पडले की ही धावत सुटायची आणि ते यायच्या आत परत. मी म्हणायचे, अगं, चहा तरी घे. शेवटच्या दिवशी मात्र ते गृहस्थ बाहेर पडलेच नाहीत. पोरगी अंधार पडेपर्यंत खिडकीत उभी होती. मग तिकडची खाट रिकामी दिसली, तेव्हा..." बाई थांबली. तिने दादाच्या उंचीकडे पाहिलं, हातातल्या छत्रीकडे पाहिलं आणि तोंडावर हात ठेवला.

दादाने काउंटरची कड धरली. मी खुर्ची सरकवली, पण तो बसला नाही.

"पुढे काय झालं?" मीच विचारलं.

"पुढे काय, बँकेचं पत्र आलं. मला तिला फोन करावा लागला. सांगितलं, कार्डवाले म्हणतात आम्ही तुला ओळखत नाही. म्हणाली, बरोबर आहे. दुसऱ्या दिवशी येऊन रोख पैसे भरून गेली. तसं मी बँकेला कळवून टाकलं."

दादाने नंबर मागितला. "तुम्ही तिचे कोण?" असं विचारायची त्या बाईला गरज नव्हती आणि तिने विचारलंही नाही. स्वतःच्या फोनवरून नंबर लावून फोन त्याच्या हातात दिला. पलीकडचा आवाज मलाही ऐकू आला. "मावशी, पैसे भरलेत ना मी? आता काय राहिलं?"

"मी बोलतोय," दादा म्हणाला.

पलीकडून फोन बंद झाला. पुन्हा लावला, लागला नाही. त्या दिवशी लागला नाही आणि नंतरही कधी लागला नाही.

घरी आल्यावर त्याने चप्पलही न काढता बँकेला फोन लावला. मला त्याची कीव येत होती आणि रागही येत होता. बारा गावचं पाणी प्यायलेल्या माणसाला आपल्या बायकोच्या खुणा कळू नयेत! पण बोलणार काय? प्रेमानेच बसला होता ना तो तिथे, हात धरून.

"ती तक्रार मागे घ्यायची आहे," तो म्हणाला.

"काका, ती बंद झाली की!" बँकेतली मुलगी आनंदाने म्हणाली. "निकाल तुमच्या बाजूने लागलाय. पैसेही जमा झालेत."

"पैसे नकोत. मी चुकीचं सांगितलं होतं. मी ओळखतो तिला."

"आता काही बदलता येणार नाही, काका."

"माझी मुलगी आहे ती." दादा रडत होता, माझ्यासमोर, लहान पोरासारखा. "एवढं तरी लिहून घ्या. माझी मुलगी आहे म्हणून."

मग ती हळूच म्हणाली, "कुठे लिहू, काका?"