हडळीचा चेहरा

आमच्या घरात रात्र बिस्किटाच्या पत्र्याच्या डब्यात ठेवलेली असायची. निळा जिलेटीन कागद, चौकोनी कापलेला, मधोमध घडी पडलेला. आप्पा, म्हणजे माझे वडील, कॅमेरा खांद्यावर घेऊन "रात्र लाव" म्हणाले की मी तो कागद लेन्सपुढं धरायचा, आणि भर दुपारी बारा वाजता घोड नदीच्या काठी मध्यरात्र व्हायची. रात्री शूटिंग करायचं तर लाइट लागतात. आमच्याकडं दोनच होते, लग्नात नवरा-नवरीच्या डोळ्यांत मारायचे. त्यामुळं आमची सगळी भुतं उन्हातली. एका पिक्चरमध्ये हडळ बाभळीखाली उभी आहे, तिची सावली पायाशी कोळशासारखी काळी, आणि मागून एक म्हातारा शेरडं घेऊन निवांत चाललाय. शिरूरच्या बाजारात लोक आप्पांना विचारायचे, "काय डायरेक्टर, तुमच्या भुताला ऊन लागत नाही का?" आप्पा म्हणायचे, "लागतं. म्हणून तर चिडलंय."

आप्पांचा फोटो स्टुडिओ होता आणि लग्नाच्या व्हिडिओ शूटिंगची ऑर्डर ते घ्यायचे. लग्नसराई संपली की कॅमेरा रिकामा, आप्पा रिकामे. तेवढ्या दिवसांत ते भुताचे पिक्चर काढायचे. दहा-बारा वर्षांत पाच काढले. गावच्या केबलवर आणि जत्रांतल्या व्हिडिओ हॉलमध्ये ते चालायचे. लोक घाबरायचे की हसायचे, हा प्रश्न आम्ही घरात कधी काढला नाही.

मी डायरेक्टरचा मुलगा. म्हणजे रात्र धरणारा, शेणकुटाच्या धुरावर पुठ्ठ्यानं वारा घालणारा, आणि रक्त कालवणारा. आमचं रक्त गुळाच्या पाकात खायचा लाल रंग घालून केलेलं असायचं. एकदा मेलेल्या सावकाराच्या अंगावर मी ते सढळ हातानं ओतलं आणि दोन मिनिटांत मुंग्या आल्या. प्रेत उठून नदीकडं पळालं. हे मी माझ्या मुलांना पन्नास वेळा सांगितलंय आणि दर वेळी मुंग्या वाढवल्यात. या गोष्टीचा दुसरा अर्धा भाग मात्र मी सांगत नाही. तो आत्याचा आहे.

पाचही पिक्चरमधली हडळ म्हणजे आत्या, आप्पांची थोरली बहीण. तिला दौंडात दिलेली. दीड वर्षानं नवऱ्यानं तिला परत आणून सोडलं. आमच्या ओट्यावर, गावातल्या दोन जाणत्या माणसांसमोर, तो आमच्या आबांना, म्हणजे माझ्या आजोबांना म्हणाला, "बाकी काय तक्रार न्हाई. मला हिचा चेहरा पसंत न्हाई." त्यानं पुढं दुसरं लग्न केलं, भांड्यांचं दुकान वाढवलं. आत्या आमच्याकडंच राहिली. तिचा चेहरा कसा होता, असं विचारलं तर मला सांगता येत नाही. घरातल्या माणसाचा चेहरा म्हणजे चेहराच असतो. हनुवटी जरा रुंद होती, एवढं आठवतं. केस मात्र गुडघ्यापर्यंत.

त्या केसांमुळंच आप्पांना हडळ सुचली. पण आबांनी अट घातली, "घरची लेक हाय ती. तोंड दिसता कामा न्हाई." म्हणून आप्पांनी केस पुढं सोडलेली, बिनचेहऱ्याची हडळ केली. लोकांना वाटलं, काय डोकं लावलंय! आबांचं ते डोकं होतं.

आत्याला हे काम मनापासून आवडायचं. सकाळी भाकऱ्या थापून, भांडी घासून ती आमच्याबरोबर निघायची. एक गुऱ्हाळ हंगामाशिवाय ओस पडलेलं असायचं, ते आमचं झपाटलेलं घर. तिथं ती केस मोकळे सोडून, पांढरं लुगडं नेसून तासन्तास उन्हात उभी राहायची, आणि मध्येच केसांच्या पडद्याआडून मला म्हणायची, "पानी दे रं, हडळीचा घसा वाळला." प्रत्येक पिक्चर झाल्यावर ती एकच प्रश्न विचारायची, "दौंडात लावनार का?"

पाचव्या पिक्चरच्या आधी आबा गेले. वर्ष झाल्यावर आप्पा एक दिवस जेवताना म्हणाले, "आक्का, ह्या टायमाला शेवटी हडळीला मुक्ती मिळती. केस मागं सारायचे आन् तोंड दाखवायचं. पूर्ण."

आत्यानं त्यांच्या ताटात भाकरी वाढली. "दौंडात लावनार का?"

"दौंडचा केबलवाला व्हय म्हणालाय. रविवारी दुपारी दोनला. घरोघरी दिसंल."

आप्पांच्या ताटात अजून एक भाकरी पडली, त्यांनी नको म्हटलेलं असताना.

तो शॉट एकाच टेकमध्ये झाला. मीच रात्र धरली होती, पण आप्पा म्हणाले, "काढ तो कागद. इथं पहाट हाय." पाचही पिक्चरमधली ती पहिली पहाट.

आता माझ्या शहाणपणाकडं येतो. मी तेव्हा बावीस वर्षांचा. रांजणगावला कंपनीत शिफ्ट करायचो आणि त्याआधी पुण्यात दोन महिने एडिटिंगचा क्लास केला होता. दोन महिन्यांत माणूस किती हुशार होऊ शकतो, ते माझ्याकडं बघून कळलं असतं. आप्पांच्या पिक्चरमध्ये मला चुकाच चुका दिसायला लागल्या होत्या. नेमकी त्या आठवड्यात आप्पांकडं तीन लग्नं होती. त्यांनी स्टुडिओतला कॉम्प्युटर माझ्या ताब्यात दिला आणि म्हणाले, "तू लाव सगळं. शेवट तेवढा जपून."

मी शेवट बघितला. आत्या दोन्ही हातांनी केस मागं सारते. आप्पांनी तिला हिरोकडं बघायला सांगितलं होतं. ती बघते सरळ कॅमेऱ्यात. बराच वेळ बघते, आणि ओठ जरासे हलतात, हसू यायच्या बेतात. क्लासमधले सर म्हणायचे, कलाकारानं कॅमेऱ्यात बघितलं की सीन मेला. शिवाय भीती कुठं होती त्यात? हडळ म्हणावं असं काहीच नाही. कुणीतरी ओळखीची बाई दारात येऊन उभी राहावी, तशी ती दिसत होती. चांगली दिसत होती. मी तो शॉट कापला. त्या जागी हलणारा कंदील टाकला, त्यावर धूर, आणि 'समाप्त'. फार भारी वाटलं. स्वतःसाठी एक कटिंग चहा मागवला.

सीडी निघाल्यावर कॉम्प्युटरातलं सगळं पुसायचं, हा आमचा शिरस्ता. जागाच नसायची. आणि कॅसेट पुन्हा लग्नाला वापरायची. दुसऱ्या दिवशी न्हावरे गावात लग्न होतं. रॅकमधली शेवटच्या शॉटची कॅसेट मीच काढली, लेबलावरचं पेन्सिलचं नाव मीच खोडलं.

रविवारी आम्ही तिघं एसटीनं दौंडला गेलो. आत्या बावीस वर्षांनी त्या गावात पाय ठेवत होती. मोरपंखी साडी, केसांचा भला मोठा अंबाडा, त्यावर अबोलीचा गजरा. स्टँडवर उतरल्यावर मला वाटलं ती पदर डोक्यावर घेईल. घेतला नाही. दुकानांच्या पाट्या वाचत, दमानं चालत राहिली. आप्पा दोनदा म्हणाले, "आक्का, उशीर होतोय." ती म्हणाली, "व्हऊ दे की. कोन पळून चाललंय?"

केबलवाल्याचं ऑफिस म्हणजे किराणा दुकानावरची एक खोली. वायरींचं जाळं, तीन प्लेअर, एक छोटा टीव्ही. त्यानं आत्यासाठी खुर्ची पुसली. ती बसली आणि पहिल्यांदा त्यालाच विचारलं, "भांडेआळीत तुमची केबल हाय का?"

"मावशी, तिथं तर आपलं सगळ्यात पहिलं कनेक्शन!"

"समद्यांच्या घरी?"

"समद्यांच्या. दुकानात बी टीव्ही हायत लोकांच्या."

आत्यानं मान हलवली आणि पदर नीट केला. आप्पांनी माझ्याकडं बघून डोळा मारला. तोवर माझ्या डोक्यात काहीही आलेलं नव्हतं, हे मी आज शपथेवर सांगतो. भांडेआळी ऐकलं आणि तिच्या नवऱ्याचं भांड्यांचं दुकान आठवलं. ती कॅमेऱ्यात का बघत होती, ते मला तिथं, त्या वायरींच्या खोलीत कळलं.

पिक्चर सुरू झाला; शेवट यायला अजून दीड तास होता. मी काय करू शकत होतो? खाली जाऊन मेन स्विच बंद करायचा विचार केला. खरंच केला. जिन्यापर्यंत गेलो आणि परत आलो. वर केबलवाल्याचा फोन सारखा वाजत होता. लोक म्हणत होते, मॅच लावा. तो ओरडत होता, "अहो, मोठे आर्टिस्ट हितं स्वतः बसलेत!" आणि आत्या कधी नव्हे ती लाजत होती.

शेवटाला ती खुर्चीत पुढं सरकली. गुऱ्हाळ आलं. पांढरं लुगडं आलं. हात केसांपर्यंत गेले. मग कंदील. धूर. समाप्त.

केबलवाल्यानं टाळ्या वाजवल्या आणि मॅच लावली. आत्या मॅचकडं बघत राहिली. खेळाडू पाणी पीत होते. थोड्या वेळानं ती म्हणाली, "माझं?"

आप्पा माझ्याकडं बघायला लागले. त्यांनीही पिक्चर पहिल्यांदाच बघितला होता.

"टेप खराब झाली, आत्या," मी म्हणालो. "रेषा आल्या. नेमक्या तिथंच."

"तेवढ्यातच?"

"हां. तेवढ्यातच."

"आसूं दे," ती म्हणाली. "मशीन हाय, त्याला काय कळतंय."

परत येताना आप्पा एसटीत पुढं जाऊन एकटे बसले. चौफुल्याला आत्यानं भजी घेतली आणि पहिला घाणा मला दिला, "खा, उपाशी हायस." मी खाल्ली. खाल्ली, हेसुद्धा लिहायला पाहिजे.

घरी आल्यावर आप्पांनी कॅसेट मागितली. त्यांना टेपची गोष्ट पटलेली नव्हती, त्यांचा जन्म टेपात गेलेला. आम्ही दोघांनी ती लावून पाहिली. न्हावऱ्याची वरात होती. नवऱ्याचा मामा नागीण डान्स करत होता. लग्न आटपशीर होतं, कॅसेट शेवटपर्यंत भरायची काही गरज नव्हती. पण मामा थांबलाच नाही, आणि आमचा कॅमेराही. टेप संपेपर्यंत मामा जमिनीवर लोळत होता. आप्पांनी टीव्ही बंद केला. म्हणाले, "तुझी एवढी हुशारी आपल्याला नव्हती पायजे." त्यानंतर त्यांनी पिक्चर काढला नाही. लग्नं मात्र शेवटपर्यंत केली.

मी खरं सांगितलं नाही. आधी धाडस नव्हतं, मग उशीर झाला, मग वाटलं आता कशाला. टेप खराब झाली, ही गोष्ट घरात रुळली. आत्यासुद्धा पाहुण्यांना तेच सांगायची. मला वाटायचं, बरं झालं, तिला वाईट वाटलं नाही. मी स्वतःला जरा दयाळूही समजायला लागलो होतो.

नंतर आठ-नऊ वर्षांनी माझ्या थोरल्या मुलीनं कपाटातून ती सीडी शोधून काढली. मी तिला मुंग्यांची गोष्ट रंगवून सांगत होतो. आत्या शेजारी बसून पावटा सोलत होती. केस पांढरे होऊन खांद्यापर्यंत उरले होते. पिक्चर संपल्यावर मुलगी म्हणाली, "आजी, तुझं तोंडच नाही दिसलं."

"टेप बिघडली व्हती तवा," आत्या म्हणाली.

पोरीनं खात्री करायला माझ्याकडं बघितलं. का कोण जाणे, तिच्यासमोर ते पुन्हा म्हणायला जीभ वळली नाही. मी म्हणालो, "बिघडली नव्हती. मी कापलं ते."

आत्याचे हात चालत होते. एक शेंग, दुसरी शेंग. "का रं?"

"हडळ वाटत नव्हतीस. फार चांगली दिसत होतीस. म्हणून."

हात थांबले. तिनं माझ्याकडं बघितलं नाही, परातीतल्या दाण्यांकडं बघत राहिली. राग येईल असं वाटलं होतं, पण राग नव्हता.

"चांगली दिसत व्हते म्हनून?" ती स्वतःशीच म्हणाली. मग मला, "तवाच सांगायचं न्हाई का, बाळा. मला इतकी वरसं वाटायचं, मशीनला बी माझं तोंड चाललं न्हाई."

पोरगी एकदा तिच्याकडं, एकदा माझ्याकडं बघत होती.

"कसं दिसत व्हतं, सांग की," आत्या म्हणाली.

मी तो शॉट कापायच्या आधी वीस-पंचवीस वेळा तरी मागंपुढं करून बघितला असेल. कुठल्या सेकंदाला कात्री लावली ते मला आजही सांगता येईल. पण तिनं विचारलं आणि मला चेहरा आठवेना. तरी मी सुरू केलं, गोष्टी सांगायची सवय. म्हणालो, तू उजव्या हातानं केस मागं घेतलेस, वारा होता, डोळे...

"न्हाई," ती म्हणाली. "दोन्ही हातांनी. आन् वारं नव्हतं."

तिनं हात पदराला पुसले आणि तोंडावर नव्हतेच ते केस कपाळावरून सावकाश मागं सारले. मग सरळ माझ्याकडं बघितलं. बराच वेळ. मला डोळे खाली घालावेसे वाटत होते, पण तेवढं मात्र मी केलं नाही.