दार मीच बाहेरून लावलं होतं

आतून कोणीतरी दार बडवत होतं... एक जण नाही, चांगले चार-पाच जण. आणि दार मीच बाहेरून लावलेलं.

सिंगापूर, तोआ पायोह, सकाळचे साडेसहा. इथल्या फ्लॅटमध्ये युद्ध झालं तर लपायला एक खोली असते — जाड भिंती, लोखंडी दार, खिडकी नाही. आम्ही तिची कोठी केली आहे. कोठी घट्ट लावल्याशिवाय मला चैन पडत नाही, म्हणून मी दाराचे दोन्ही दांडे पार खाली ओढते. जावई कुरकुरतात, "आई, आत डाळ-तांदूळच आहेत हो, कैदी नाहीत!"

भुतंखेतं मी मानत नाही. चौथी शिकले, पण मेलेला माणूस दार वाजवत नाही एवढं कळतं. माझी मुलगी मीनल तेव्हा मेक्सिकोत होती. कागदपत्रांशिवाय चोरून उत्तरेला, अमेरिकेत जाणाऱ्या लोकांवर फिल्म करत होती. तीन दिवस फोन नव्हता. माझं कशात लक्ष नव्हतं, हे खरं.

वाटलं, नात कोंडली! पण इरा शेजारीच शाळेचे बूट घालत होती.

"ऐकतेस ना गं?"

"काय? आजी, नोबडी इनसाइड लाह!" इरा तिच्या सिंगापुरी इंग्रजीत म्हणाली.

मला घाम फुटला, श्वास पुरेना. एक दांडा वर गेला, दुसरा हलेना. बडवणं मंद होत चाललं... ते जास्त वाईट.

"बघत काय राहिलीस, लाव हात!"

दोघींनी जोर केला. खाणकन दांडा वर गेला. आत तांदळाची गोणी आणि बरण्या.

"माझी बस गेली," इरा म्हणाली.

दुसऱ्या दिवशी मीनलचा फोन आला. त्या लोकांबरोबर तीही बंद ट्रकात बसली होती. ड्रायव्हर बाहेरून कडी घालून पळाला. भर उन्हात सगळ्यांनी दार बडवलं, मग ताकद संपली. आणि दार बाहेरून उघडलं. उतरून बघतात तर रस्त्यावर कुत्रंसुद्धा नाही. वेळ जुळवून पाहिली — तिथली दुपार, म्हणजे आमचे सकाळचे साडेसहा.

कॅमेरा चालूच होता. फिल्ममध्ये तो आवाज आहे, खाणकन. मीनल म्हणते, "आई, लोखंड सगळीकडे सारखंच वाजतं." वाजत असेल. पण तो ऐकल्यावर इरानं मान वळवून आमच्या कोठीकडे बघितलं.

कोणी उघडलं, मला माहीत नाही. आजही नाही.

ट्रकात एकोणीस माणसं होती. एक म्हातारा दार उघडण्याआधीच गेला. मीनल धरून अठरा जगली.