काळ वाकवायची भट्टी

पारोळ्याला बाजाराच्या मागे आमची लोहाराची भट्टी आहे. आबांनी, म्हणजे माझ्या वडिलांनी, तिथं जन्मभर विळे, कुऱ्हाडी आणि वखराच्या पासा घडवल्या. मग दुकानांत रंगीत मुठीचे तयार विळे आले आणि आबा भात्याशेजारी पेपर वाचत बसू लागले. मी धुळ्याला एका कॉलेजात तासिका तत्त्वावर मराठी शिकवतो. चौदा वर्षं झाली, मी दरवर्षी 'यंदा कायम' होणार असतो. त्यामुळे काळ कसा अडकून बसतो हे मला कुणी शिकवायला नको.

उन्हाळ्याच्या सुट्टीत मी रिकामा होतो, आणि रिकाम्या मास्तरासारखा उपद्रवी प्राणी नाही. आबांनी ट्रकच्या भंगारातल्या स्प्रिंगच्या पाट्याचं एक कडं सहज ठोकलं होतं. मी त्याचा व्हिडिओ काढला आणि घसा खाकरून गंभीर आवाजात सांगितलं, 'हे काळ वाकवणारं कडं. साडेसात वर्षांची साडेसाती साडेसात महिन्यांत आटोपते.' मित्रांनी हसावं एवढाच हेतू होता. मित्र हसले. त्यांच्या बायकांनी पत्ता विचारला.

पुढच्याच शनिवारी आमच्या बोळात गाड्या मावेनात. जळगावच्या एका शेठजींना कोर्टातली तारीख अलीकडे ओढून हवी होती. एका साहेबांना निवृत्ती पुढे ढकलायची होती. दोंडाईच्याच्या एका नवऱ्या मुलाला वय पाच वर्षं मागे हवं होतं, कारण बायोडाट्यात ते त्यानं आधीच नेऊन ठेवलं होतं. आबा बिचारे प्रत्येकाला सांगत होते, "अरे भाऊ, हाऊ ट्रकना पाटा शे!" लोक एकमेकांकडे बघून मान डोलवत. सिद्ध माणसं अशीच लपवतात म्हणे.

दोन शनिवारांनी आबांनी सांगणं सोडलं. भट्टी पेटलेली होती, हातोड्याला काम होतं, माणसं पाया पडत होती. मी त्यांना दोष देत नाही. चौदा वर्षांत कुणी माझ्या पाया पडलं असतं तर मीही पाटा विसरलो असतो.

फक्त एक अडचण होती. गुण आला नाही तर लोक भांडायला येणार. त्यावर तोडगा मी काढला, आणि माझ्या हुशारीवर मी तेव्हा फार खूष होतो. मी पथ्य लावलं. सात शनिवार तेल खायचं नाही, खोटं बोलायचं नाही आणि परगावचं माणूस उंबऱ्याच्या आत घ्यायचं नाही. शेवभाजी आणि भरीत सोडून खानदेशात सात शनिवार कोण राहील? आणि खोटं न बोलता दुकान कोण चालवील? अंदाज बरोबर निघाला. कुणीच भांडायला आलं नाही. जो तो मनातल्या मनात आपण पथ्य कुठं मोडलं ते आठवत बसला.

त्या गर्दीत एक अक्का आल्या. जवळच्याच खेड्यातल्या, निंदायला जाणाऱ्या; लेक धुळ्याला दिलेली, घरात एकट्या. पोरगा बारा वर्षांपूर्वी सुरतेला गेला तो परत आला नव्हता. जाताना त्या त्याला रागानं बोलल्या होत्या, कमाई केल्याशिवाय तोंड दाखवू नको. त्यांना तेवढी एक सकाळ परत हवी होती.

"ती सकाय माले दी द्या आबा," त्या म्हणाल्या. "मी त्याले तशी बोलाव नही."

आबांनी माझ्याकडे पाहिलं. तिथंच मी खरं सांगायला हवं होतं. मागे रांग होती, मी पथ्याचा कागद वाचून दाखवला. आबांनी कडं घडवलं, पाण्यात विझवलं आणि काही न घेता त्यांच्या हातात घातलं. आपण निदान फुकट दिलं, यावर बापलेकांनी समाधान मानलं.

सातव्या शनिवारी अक्का आल्या त्या हसतच. एकदम वाळलेल्या दिसत होत्या, पण चेहरा परीक्षेत पास झालेल्या पोरीचा.

"बठ्ठं पथ्य पायं आबा. तेलना थेंब नही." मग हळूच म्हणाल्या, "गुण वना. तिसरा शनवारले शेजारना घर त्याना फोन वना व्हता. बारा वरीसमा पहिला. म्हने, माय, मी घर येस."

आबांचा हातोडा थांबला. मी विचारलं, "मग?"

"मंग काय? मी सांगं, आते येऊ नको. पथ्य शे ना! परगावनं मानूस घरमा कसं लेऊ? त्यानी फोन ठी दिना." त्यांनी पदराच्या गाठीतून नंबराची चिठ्ठी काढली. "आज सात पुरा व्हयनात. आते लाव बरं."

मी नंबर लावला. नंबर अस्तित्वात नव्हता. पुन्हा लावला. मला इतकी लाज कधी वाटली नाही, आणि तासिका तत्त्वावर असलेल्या माणसाला लाजेची सवय असते. मग मी सगळं सांगून टाकलं, ट्रकचा पाटा, व्हिडिओ, कागद, सगळं. अक्कांनी शांतपणे ऐकून घेतलं. माझं बोलणं त्यांना पटलं नाही. कड्यावरून बोट फिरवत त्या आठवत राहिल्या, आणि शेवटी त्यांचा चेहरा पडला.

"पाचवा शनवारले," त्या आबांना म्हणाल्या, "धुळानी इहीनबाई पानी प्याले आत वनी व्हती. मन्हीच चूक व्हयनी."