वळणावरचं गाणं

"बंद करा! अरे, बंद करा म्हणतो ना! वळण आलं!"

नवरीचे चुलते ओरडत होते. तो आवाज थेट पलीकडच्या मानवत गावाला धडकून परत आला असावा, कारण आम्हाला तो दोनदा ऐकू आला. मी बँडपार्टीचा गायक. तोंडाशी माइक, मागं पिकअपवर भिंतीएवढे स्पीकर.

आमच्या गावची रीतच तशी. थोरल्या गल्लीतल्या लग्नाची मिरवणूक आमच्या बौद्धवस्तीच्या वळणावर आली की बँड मुका व्हायचा आणि पुढं मारुतीपाशी त्याला पुन्हा वाचा फुटायची. का, ते कुणी सांगत नव्हतं. सोनपेठपासून सेलूपर्यंत माझ्या गळ्यानं आटलेल्या म्हशी दूध द्यायला लागल्या, टकल्यांना केस फुटले. पण वळणावरच्या पहिल्याच घरात राहणाऱ्या माझ्या आईनं मला लग्नाच्या मिरवणुकीत गाताना एकदाही ऐकलं नव्हतं. सात वर्षं ती दारात उभी राहायची आणि मी तिच्यासमोरून तोंड मिटून जायचो.

त्या दिवशीही मी माइक खाली घेतला.

तेवढ्यात वरून नवरी बोलली. हल्ली आमच्याकडं पोरीही घोड्यावर मिरवतात. ही माझ्याच वर्गातली. "थांबलास का रे? भीमजयंतीला म्हणतूस ते म्हण की!"

"पोरी, लोक काय म्हणतील?" चुलते कळवळले.

"काका, मी घोड्यावर बसायलते तवाबी तुमी हेच म्हणलात. मेला का घोडा?"

घोडा निजामाच्या काळातला, मरायलाच टेकलेला. पण त्यानंही कान टवकारले. मी गायला लागलो. आणि काय सांगू, थोरल्या गल्लीतली पोरं माझ्याबरोबर शब्द न् शब्द म्हणायला लागली! शिकली कुठं? मोबाइलवर, कानात इअरफोन खुपसून, बापाच्या शेजारी बसून. म्हणजे आम्ही वळणावर गप्प बसत होतो तेव्हा गाणं त्यांच्या घरात जेवून-खाऊन राहत होतं. चुलत्यांचा अंगठासुद्धा चपलेत हलला. हे मी शपथेवर सांगतो. ते आजही नाकबूल करतात.

त्यानंतर बँड तिथं कधी थांबला नाही. घोड्यावरून तिनं एवढंसं बोलून माझा गळा माझ्या आईच्या दारात पोचवला. त्या नवरीची आठवण आली की आजही मनातल्या मनात हात जोडतो.

त्याच दिवशी सांजच्याला जेवायला बसलो तेव्हा छाती फुगवून विचारलं, "कसं झालं गं माय?"

ताटात भाकर टाकत ती म्हणाली, "दुसरं कडवं खाल्लास."