अक्काचा बेअरर चेक

परक्राम्य संलेख अधिनियम मी शहाद्याच्या कॉलेजात एकतीस वर्षं शिकवला आणि त्या एकतीस वर्षांत माझ्या हातून एकही चेक गहाळ झाला नाही, कारण पगार परस्पर खात्यात जमा व्हायचा. (परक्राम्य संलेख म्हणजे चेक, हुंडी, वचनचिठ्ठी. नुसतं नाव ऐकूनच पहिल्या बाकावरची मुलं खिडकीबाहेर बघायला लागायची.) निवृत्त झालो, शाल-नारळ मिळाला, पण ज्ञान तसंच अंगात राहिलं. ऐकायला कोणी नव्हतं. तेवढ्यात अक्काने ट्रॅक्टर विकला.

अक्का म्हणजे माझी थोरली बहीण. आमचं घर तापीकाठच्या प्रकाशा गावातलं आणि तिला दिलीही त्याच गावात, त्यामुळे माहेर-सासर मिळून अंतर दोन गल्ल्या. भाऊजी चार वर्षांपूर्वी गेले. तेव्हापासून अक्का मसाले करून विकते. मिरची तिची, मेहनत तिची, पण दळायला मात्र दुसऱ्याच्या दारात रांगेत बसायचं. तिला स्वतःचं मिरची कांडप मशीन हवं होतं. पुरुषोत्तमनगरला एकाचं वापरलेलं, पण चांगलं मशीन विकायला निघालं. एक लाख सत्तर हजार, रोख. सोमवारी दुपारी दोनपर्यंत पैसे आले नाहीत तर शिरपूरकडचा एक माणूस ते घेऊन जाणार होता. म्हणून अक्काने भाऊजींचा ट्रॅक्टर रतिलालशेठना विकला, एक लाख ऐंशी हजाराला. शेठनी शनिवारी चेक दिला. व्यवहारात सल्लागार अर्थातच मी.

“बेअरर घे,” मी अक्काला सांगितलं. “चेकवर दोन रेघा मारल्या की पैसे खात्यात जाऊन वठायला एक-दोन दिवस लागतील. बेअरर असला की सोमवारी काउंटरला द्यायचा आणि नोटा घ्यायच्या.”

इथपर्यंत कुठे काही चुकलं नव्हतं. चुकलं ते रविवारी. त्या दिवशी आमच्याकडे कानबाई बसली. कानबाई म्हणजे आमच्या खानदेशात श्रावणातल्या रविवारी येणारी देवी. नारळाला नथ-डोरलं घालून चौरंगावर बसवायचं, सगळी भाऊबंदकी एका घरी जमवायची, रोट खायचे आणि सोमवारी सकाळी वाजतगाजत नदीवर न्यायचं. चाळीस माणसं आमच्या ओसरीत. अक्काने चेक आणला.

“भाऊ, चेक कानबाईना पायशी ठेवस. लक्ष्मीच शे ना ती.”

तिने चेक चौरंगावरच्या तांदळात खोचला. चाळीस जणांनी हात जोडले. आणि माझा चुलतभाऊ जगन, ज्याने आयुष्यात फक्त उसाच्या पावत्या पाहिल्या, त्याने विचारलं, “सर, हाऊ बेअरर बेअरर म्हंतस, ते काय ऱ्हास?”

एकतीस वर्षांत मला असा प्रश्न कोणी स्वतःहून विचारला नव्हता. मी उभा राहिलो. (शिकवताना मी प्रमाण मराठीत बोलतो. घाबरलो की अहिराणी येते.) मी सांगितलं, धारक म्हणजे कोण. सांगितलं, हा चेक ज्याच्या हातात त्याला पैसे. त्याला नाव विचारायचा बँकेला अधिकार नाही. ओळखपत्र मागायचा अधिकार नाही. (ही शेवटची दोन वाक्यं मी थोडी वाढवून बोललो. श्रोते तल्लीन होते.)

“म्हंजे ज्याना हातमा त्याना पैसा?” जगनने डोळे मोठे केले.

“अगदी बरोबर.”

चाळीस जणांनी चौरंगाकडे पाहिलं. मला वाटलं, भक्तिभावाने.

सोमवारी सकाळी आठला कानबाई निघाली. पुढे डफ, मध्ये बायका, मागे आम्ही. नदीवर पूजा झाली, नारळ परत पाटावर आला, निर्माल्य तापीत गेलं. मग मी घड्याळ पाहिलं. साडेनऊ. बँक उघडायची वेळ झाली होती. बायकोला म्हणालो, “मंगल, चेक दे.”

“कोनता चेक?”

“चौरंगावरचा.”

तिचा चेहराच उतरला. “चौरंगवरलं समदं मी फडकामा बांधं. तांदूळ, फुलं, पानं.”

“आनि फडकं?”

तिने तापीकडे बोट दाखवलं. श्रावणातली तापी, दोन्ही काठ भरून चाललेली.

एक लाख ऐंशी हजार, अक्काचं मशीन, चार वर्षांची तिची रांग, सगळं एका फडक्यात. आणि तेही बेअरर. कोण्या गावात, कोण्या काठाला, कोणाच्या हाताला लागेल आणि तो बँकेत जाऊन उभा राहील. त्याला नाव विचारायचं नाही असं मीच सांगितलं होतं. “अक्काले सांगू नका,” मी सगळ्यांना बजावलं. “तिले धक्का बशी.” अक्का बायकांमध्ये असेल असं मी धरून चाललो होतो, बायका धरून चालल्या होत्या की ती घरी स्वयंपाकाला थांबली आहे. तिला सांगायचंच नव्हतं, त्यामुळे कोणी शोधलंही नाही.

जगन लेंगा वर करून पाण्यात उतरला, मागोमाग आठ-दहा भाऊबंद. काठाला झुडपात चार-पाच गाठोडी अडकली होती, कारण त्या सकाळी नदीवर आमचीच एक कानबाई नव्हती. त्याने पहिलं ओढलं, मी सोडलं. तांदूळ, फुलं. आमचं नव्हे. दुसरं सोडलं.

“ओ भाऊ, ते आमनं शे!” मागून एक बाई ओरडली. “देवीनं निर्माल्य बाहेर काढतस? लाज नही का?”

मी हात जोडून तिला समजावू लागलो की हा चलनक्षम दस्तऐवजाचा प्रश्न आहे. तिने दिराला हाक मारली. दीर बराच उंच होता. मी तिसरं गाठोडं न सोडताच परत दिलं. चौथं मंगलने ओळखलं, आपलंच फडकं. मी गाठ सोडली, तांदूळ वाळूवर पसरले, प्रत्येक पान उलटून पाहिलं.

चेक नव्हता.

हे तर जास्तच वाईट. नदीने नेला असता तर तो भिजून गेला असता, कोणाला वठवता आला नसता. गाठोडं बांधण्याआधीच तो गेला होता. म्हणजे घरात. म्हणजे त्या चाळीस जणांपैकी कोणीतरी, माझं व्याख्यान मनापासून ऐकलेलं.

मी सगळ्यांकडे पाहिलं. सगळ्यांनी एकमेकांकडे पाहिलं.

“मन्हाकडे काबरं देखी ऱ्हायना?” जगन चिडला. ओल्या लेंग्याचे दोन्ही खिसे त्याने उलटे केले. एका खिशातून विरघळलेला विड्यांचा कट्टा पडला. “ले, देखी ले. भाऊ शे का फौजदार?”

त्याची माफी मागायला वेळ नव्हता. पावणेदहा. मी रतिलालशेठना फोन लावला. ते सुरतेला होते.

“शेठ, चेक थांबवा. चोरीस गेला.”

“अरे बाप रे. पोलिसमा जानं पडी का?”

“आधी स्टॉप पेमेंट. चेक लिहिणाऱ्याचा हक्क आहे तो. थांबवला नाहीत आणि चोराला पैसे मिळाले तर अक्का तुमच्याकडे परत मागेल.” (कायद्यात हे इतकं सरळ नाही. पण शेठना सांगून उपयोग नव्हता.)

शेठनी मोबाईलवरून दोन मिनिटांत चेक थांबवला. कारण लिहिलं: चोरीस गेला. मी वाळूवर बसलो आणि पहिल्यांदा नीट श्वास घेतला. आता अक्काला सांगायचं, शेठकडून दुसरा चेक आणायचा, पण शेठ सुरतेला, वेळ दोनपर्यंतची. याचा विचार चालू होता तोच सव्वादहाला शेठचाच फोन.

“सर, चोर सापडनं! शहादाना मॅनेजरना फोन उना व्हता. बाई शे. काउंटरवर चेक लिसन उनी.”

“कोण बाई?”

“नाव सांगत नही. आधार मांगं तं म्हने, गरज नही. म्हने, धारकले नाव इचारता येत नही.”

माझं रक्त उसळलं. बाई कायदा शिकून आलेली होती. “तिला सोडू नका,” मी म्हणालो. “केबिनमध्ये बसवून ठेवा म्हणावं. चहा देऊ नका, पाणी देऊ नका. मी येतो. अशा लोकांना कायदा काय असतो ते मी दाखवतो.”

जगनची पिकअप निघाली. मागे आठ-दहा भाऊबंद उभे, सगळे ओले, सगळे संतापलेले, कारण चोर सापडल्याने त्यांच्यावरचा आळ गेला होता. मंगल पुढे माझ्याशेजारी. बारा किलोमीटर मी भाषण तयार करत होतो. विश्वासघात, देवीसमोरची चोरी, विधवा बाईच्या कष्टाचा पैसा. मंगल मध्येच म्हणाली, “अहो, अक्का कोठे शेत?” मी म्हणालो, “आत्ते तिनं नाव काढू नको.”

बँकेत शिरलो तो रांग बाजूला सरकली. मॅनेजरच्या केबिनचं दार मी ढकललं आणि सुरुवात केली, “लाज वाटायला पाहिजे—”

खुर्चीत अक्का बसली होती. नऊवारी नीट, पदर डोक्यावर, मांडीवर पिशवी. रागाने लाल झालेली. समोर रिकामं टेबल. पाणीसुद्धा नव्हतं.

“ये,” ती म्हणाली. “उना का वकील?”

“अक्का, तू?”

“मंग कोन? कालदिन तूच सांगं व्हतं, ज्याना हातमा त्याना. घरमा चाळीस मानसं, ऐंशी हात. मंग मी काय करू? सकायले उठनू, चेक काढा आनि पहिली एसटी धरी.”

“पण नाव तरी सांगायचं ना यांना.”

“तूच सांगं व्हतं, नाव इचारता येत नही.”

मॅनेजर चष्मा काढून माझ्याकडे पाहत होते. “हे तुम्ही शिकवलंत यांना?” त्यांनी विचारलं. “पन्नास हजाराच्या वर ओळख लागतेच, सर. आम्ही नाव विचारलं तर यांनी मलाच कलम सांगितलं. लिंक नव्हती म्हणून अर्धा तास आधीच गेला होता. नाहीतर तुमचा स्टॉप यायच्या आत यांचे पैसे झाले असते.”

मागे काचेला नाक लावून आठ-दहा ओले भाऊबंद चोर बघत होते. जगनने अक्काला ओळखलं आणि हळूच मागे सरकला.

“स्टॉप काढा,” मी म्हणालो.

“चोरीचं कारण दिलंय. आता खातेदाराचा लेखी अर्ज हवा, सहीसह.”

खातेदार सुरतेला. घड्याळात पावणेअकरा. अक्काने पदराने डोळे टिपले. तिला रडताना मी भाऊजी गेले तेव्हाच पाहिलं होतं. “चार वरीस, भाऊ,” ती म्हणाली. “चार वरीस दुसराना दारमा बठनू. आज मन्हं मशीन जाई.” मला त्या क्षणी एकतीस वर्षांचा पगार परत करावासा वाटला.

मी शेठना फोन लावला आणि घाबरून भलतंच बटण दाबलं, स्पीकर चालू झाला.

“सर, कसाले चिंता करतस?” शेठचा आवाज केबिनभर. “मी तं पहिलेच सांगेल व्हतं, बाईना खातामा मोबाईलवरथून टाकी देस. तुम्हीच नको म्हने. आत्ते टाकू का?”

(ही गोष्ट मी तुम्हालाही आत्तापर्यंत सांगितली नव्हती. कोण सांगेल? मोबाईलवरच्या पैशाला कलम कुठलं? चेक न वठला तर कलम एकशे अडतीस आहे, दोन वर्षांपर्यंतची कैद आहे. असं मी शनिवारी शेठना पाऊण तास समजावलं होतं.)

अक्काने माझ्याकडे पाहिलं. पिशवीतून पासबुक काढून टेबलावर ठेवलं. तिचं खातं त्याच बँकेत होतं. तिने पासबुक आधी दाखवलं असतं तरी नाव कळलं असतं, पण धारकाने ते का दाखवावं?

पाच मिनिटांत पैसे खात्यात आले. मग बँकेत रोकड कमी. मग रोकड आली तर नोटा मोजायचं यंत्र अडलं. एक पंचवीसला आम्ही निघालो. जगनने पिकअप अशी हाणली की पुरुषोत्तमनगरच्या वळणावर दोन भाऊबंद हौद्यात बसले ते गाडी थांबेपर्यंत उठलेच नाहीत. पोहोचलो तर शिरपूरवाल्याचा टेम्पो उभा, मशीनला दोर बांधलेला, चार माणसं उचलायच्या तयारीत. दोनला सात मिनिटं कमी होती.

अक्का खाली उतरली, नोटांची पिशवी मशीनवर ठेवली आणि शिरपूरवाल्याला म्हणाली, “दोर सोड, भाऊ.” त्याने तिच्याकडे एकदा पाहिलं आणि सोडला.

आता तिच्या दारात रांग असते. मागच्या आठवड्यात मी पाच किलो मिरची घेऊन गेलो. दळून झाली, मी भिंतीवरचा क्यूआर कोडचा चौकोन मोबाईलने टिपला, पैसे पाठवले आणि डब्याला हात घातला. अक्काने डबा स्वतःकडे ओढला. पैसे आल्याचं बोलून सांगणारा स्पीकर बोलेपर्यंत तिने तो सोडला नाही. रांगेत माझ्या पुढचे सगळे जण नुसता मोबाईल दाखवून गेले होते.

“अक्का, सख्खा भाऊ शे मी तुन्हा.”

“म्हनीसन तं थांबनं पडनं,” ती म्हणाली.