अध्यक्षांनी वाचलेले एक वाक्य

हे मी आजवर कोणालाही सांगितलेले नाही — ज्याच्या घरी राहतो त्या मुलालाही नाही. प्रसंग अमेरिकेतल्या ॲन आर्बरमधल्या आमच्या मराठी मंडळाच्या वार्षिक व्याख्यानाचा. काळ, महासाथीच्या आदल्या हिवाळ्याचा. जबाबदार व्यक्ती: मंडळाचे तत्कालीन अध्यक्ष, त्यांच्या मागे माना डोलावणारी कार्यकारिणी, आणि कार्यवाह. कार्यवाह मी होतो. नागपूरच्या न्यायालयात हयात घालवलेला वकील. बस उशिरा आली तरी तक्रारीचे पत्र धाडणारा.

प्राची मूळची अमरावतीची. इथे विद्यापीठात इतिहासात पीएचडी करत होती. मला गाडी चालवता येत नाही, म्हणून दर रविवारी मंडळाच्या वाचनवर्गानंतर ती मला घरी सोडायची. "काका, आधी सीटबेल्ट. क्रांती नंतर," म्हणायची, आणि मग तिच्या प्रबंधातली बाई आमच्या मधे येऊन बसायची — रशियन क्रांतीच्या एका नेत्याची सचिव. तरुणपणी तुरुंग पाहिलेली, आजारी नेत्याचे अखेरचे मजकूर उतरवून घेणारी. नेता गेला, पुढे जे सत्तेवर आले त्यांच्या राज्यात ती जगली, म्हातारी झाली, आणि जे ठाऊक होते त्यातले फारच थोडे बोलली. ती घाबरली होती की निष्ठावंत होती? प्राची वर्षानुवर्षे याच प्रश्नाशी झगडत होती. एका रविवारी, बर्फात गाडी हळू हाकताना, तिला उत्तर सापडले. म्हणाली, "काका, सेक्रेटरीचं गप्प बसणं हीसुद्धा सहीच असते." मी दाद दिली. मनापासून दिली.

आता आमच्या मंडळाची रीत ऐका. वार्षिक व्याख्यान अध्यक्षांनी द्यायचे आणि लिहायचे कार्यवाहाने. कोणी विचारायचे नाही, कोणी सांगायचे नाही. त्या वर्षी मला विषय सुचेना. मी त्या रशियन बाईचे आयुष्य लिहिले — प्राचीने लावलेल्या क्रमाने, आणि शेवटी प्राचीचेच वाक्य. तिचे नाव का घातले नाही? विसरलो, असे म्हणता आले असते. विसरलो नव्हतो. अध्यक्षांच्या भाषणात विद्यार्थिनीचा ऋणनिर्देश शोभणार नाही, असे वाटले. टाळ्या पडल्या तेव्हा मी मान खाली घालून सुखावलो — वाक्य तिचे, तोंड त्यांचे, आणि गुदगुल्या मला. किळस येते.

प्राची उठली. आवाज न चढवता म्हणाली की हा तिच्या प्रबंधाचा गाभा आहे, तो अजून छापलेला नाही. हा अध्यक्षांकडे कसा आला? अध्यक्ष हसले, माझ्याकडे वळले. "वकीलसाहेब, तुम्हीच क्लिअर करा ना."

मी उभा राहिलो. म्हणालो, "कल्पनेवर कोणाची मालकी नसते. कायदा तसेच सांगतो."

कायदा खरोखर तसेच सांगतो. म्हणून तर ते उत्तर इतके घाणेरडे. कारण तिने मालकी विचारली नव्हती. काय घडले ते विचारले होते, आणि ते ठाऊक असलेला सभागृहातला एकमेव मनुष्य मी होतो. कोणीतरी मागून म्हणाले, आजकालच्या पोरींना फार घाई. लोक हसले. ती माझ्याकडे पाहून एवढेच म्हणाली, "काका, तुम्हाला तर माहिती होतं."

आणि मी — मी बसलो.

एवढ्यावर थांबलो असतो तर नुसता भ्याड ठरलो असतो. पण कार्यकारिणीने ठरवले की अध्यक्षांचा अवमान झाला, प्राचीने मंडळाच्या ग्रुपवर माफी मागावी. तो मजकूर कोणी लिहिला? मीच. 'गैरसमजातून' हा शब्द माझा. तिने तो एकही अक्षर न बदलता टाकला. खाली अंगठ्यांची रांग लागली. त्यात एक अंगठा माझा आहे. मंडळात तिचे स्वतःचे एक व्याख्यान ठरले होते, तेही रद्द झाले. पुढल्या रविवारपासून मी बसने जाऊ लागलो. त्या बसच्या उशिराबद्दल मात्र मी कधी तक्रार केली नाही.

तुमच्याकडे मी क्षमा मागत नाही. ती तुमच्या अधिकारातली बाब नाही. तत्कालीन अध्यक्षांना मात्र माझी जाहीर मागणी आहे: ज्या व्यासपीठावरून टाळ्या घेतल्या, तिथेच उभे राहून सांगावे — ते वाक्य कोणाचे होते? "मला ठाऊक नव्हते, कार्यवाहाने लिहून दिले," असे ते म्हणतील. म्हणू देत. मी समोरच बसलेला असेन, आणि या वेळी विचारण्याची वाट न पाहता उभा राहीन.