चुकीच्या जागी आलेलं हसू

आमचे शेजारी दामूकाका मालिका-चित्रपटांत विनोदी कामं करतात. पडद्यावर ते नुसते दारातून आत आले तरी लोक हसतात. इतक्या वर्षांनी त्यांना पहिल्यांदाच गंभीर भूमिका मिळाली, मुलगा गमावलेल्या बापाची. पहिल्या खेळाला ते मला हौसेनं सोबत घेऊन गेले. पडद्यावरचा बाप मुलाचा सदरा छातीशी धरून उभा राहिला, त्याचे ओठ थरथरले आणि सारं थिएटर हसलं. मीही हसलो. शेजारच्या खुर्चीत काका ताठ बसून होते.

बाहेर आल्यावर मी माफी मागू लागलो, तर म्हणाले, "अरे, ही सवय तुम्हाला मीच लावली ना?"

एखाद्याचा चेहरा आपण हसण्यासाठी राखून ठेवतो आणि मग त्याला रडूही देत नाही. हे मनाला इतकं लागलं की त्यानंतर त्यांची मालिका लागली तरी मला हसूच येईना.

परवा सकाळी काका जिन्यात भेटले. जरा घुटमळले आणि हलक्या आवाजात म्हणाले, "हल्ली भिंतीपलीकडून तुझं हसणं ऐकू येत नाही रे. काम नीट होत नाहीये का माझं?"